दुधी काचेपलीकडे कोण

कुई लानश्यांगच्या फुप्फुसात काहीतरी आहे, ही बातमी तालुक्यात सगळ्यांना कळली होती, एकट्या कुई लानश्यांगला सोडून. टोफूवाल्याला कळली, तो तिला मापापेक्षा मोठा तुकडा कापून द्यायला लागला. तिच्याबरोबर माजोंगच्या सोंगट्या खेळायला बसणाऱ्या तिघी बायकांना कळली, त्या तिला मुद्दाम जिंकू द्यायला लागल्या. आणि जिचं फुप्फुस, ती बाई अंगणात बसून सुनेनं उकळून दिलेलं नासपतीचं गोड पाणी पीत होती आणि म्हणत होती, हल्ली माझं नशीब कसं उघडलंय बघा. मला विचाराल तर या साऱ्या प्रकरणात रोगापेक्षा हा गोडवाच जास्त चीड आणणारा होता.

बाई काही गोड पाण्यावर जगणाऱ्यातली नव्हती. ती सुओना वाजवायची. सुओना म्हणजे सनईची तोंडाळ थोरली बहीण, एका गावात वाजली तर शेजारच्या गावातली कुत्री उठतात. आमच्या शानदोंग प्रांताच्या या कोपऱ्यात लग्न असो की मयत, सुओनाशिवाय हलत नाही. मात्र वाजवणाऱ्याला मांडवात जेवायला बसवायचं तर टोकाच्या टेबलावर. लोकांना सूर हवा असतो, सूर काढणारा नको असतो. त्यात लानश्यांग पोरगी. तिच्या बापानं, म्हाताऱ्या कुईनं, दोन्ही मुलग्यांना शिकवायला घेतलं आणि हिला सांगितलं, "पोरीनं गाल फुगवले तर लग्न कोण करील?" दोघे भाऊ आठवडाभर फुंकून कंटाळले. ही मात्र स्वैपाकघरात वाडगाभर पाण्यात गव्हाची पोकळ काडी बुडवून बसायची आणि फुंकत राहायची. नाकानं श्वास घ्यायचा, गालातला सोडायचा, आणि पाण्यातले बुडबुडे एकदाही थांबू द्यायचे नाहीत. चुलीवरचं शेवयांचं आधण येईपर्यंत तिचा वाडगा उकळत असायचा. बापानं एकदा दारात उभं राहून पाहिलं. दुसऱ्या दिवशी त्याची जुनी सुओना हिच्या उशाशी होती.

पहिल्यांदा ती वाजवायला गेली तेव्हा मयताच्या घरातल्या वडीलधाऱ्यांनी आडकाठी केली, शवपेटीसमोर पोरीचा श्वास नको म्हणून. म्हातारा कुई म्हणाला, "मग माझाही नको," आणि आपली सुओना पिशवीत घालायला लागला. वडीलधारी बाजूला झाले. पुढे तिचं लग्न त्याच ताफ्यातल्या ढोलवाल्याशी, फेंग बाओत्यानशी, झालं. फुगलेल्या गालांचं त्याला काही वाटलं नाही. उलट तो म्हणायचा, बायको श्वास कधी घेते हे कळलं की ढोलाचं काम सोपं होतं. खांदा किंचित उचलला की बाओत्यानची काठी खाली येणार, हे त्यांचं आयुष्यभर चाललं.

एक गोष्ट मात्र तिच्या घशात काट्यासारखी अडकून राहिली होती, आणि ती सांगितल्याशिवाय पुढचा तिचा संताप कळायचा नाही. म्हाताऱ्या कुईच्या पोटात गाठ झाली तेव्हा भावांनी ठरवलं की त्याला सांगायचं नाही. आमच्याकडे हे असंच चालतं. डॉक्टर पेशंटला बाहेर बसवतो, घरच्यांना आत बोलावतो. घरचे डोळे पुसून बाहेर येतात आणि हसून सांगतात, "साधा अल्सर आहे." याला म्हणे माया म्हणतात. कुई घराण्याची एक चीज होती, पहाटे शवपेटी उचलताना वाजवायची, दुसऱ्या कुठल्या ताफ्याकडे नसलेली. बाप म्हणाला, "बाराव्या महिन्यात कामं नसतात, तेव्हा बसून शिकवीन." बारावा महिना त्याला दिसणार नाही हे खोलीतल्या प्रत्येकाला ठाऊक होतं, लानश्यांगलासुद्धा. भावांनी शपथ घातलेली. ती म्हणाली, "बरं, बाराव्या महिन्यात." म्हातारा चंद्राच्या सणानंतर लगेच गेला, आणि ती चीज त्याच्याबरोबर मातीत गेली. अजूनही कुणी जुनं माणूस तिला ती वाजवायला सांगतं. ती दुसरंच काही वाजवते आणि दिवसभर कुणाशी धड बोलत नाही.

या वर्षी वसंतात एका मयतीला पावसात वाजवलं आणि तिला ताप भरला. ताप गेला, खोकला रेंगाळला. मुलगा लेइ, जिनान शहरात एका मालवाहतूक कंपनीत कामाला. त्यानं आईच्या वाढदिवसाला संपूर्ण तपासणीचं पॅकेज भेट दिलं. हल्लीची पोरं आईला रेशमी जाकीट देत नाहीत, सुया टोचून घ्यायला पाठवतात. लानश्यांग कुरकुरत तालुक्याच्या इस्पितळात गेली, सीटी स्कॅनच्या त्या कमानीत श्वास रोखून पडली, आणि एवढा वेळ श्वास रोखणारी बाई आम्ही पाहिली नाही असं तिथल्या पोरानं म्हटल्यावर खूश होऊन घरी आली. रिपोर्ट मुलाच्या फोनवर गेला, कारण पॅकेज मुलाच्या नावावर.

रिपोर्टात लिहिलं होतं की उजव्या फुप्फुसाच्या वरच्या भागात सोयाबीनच्या दाण्याएवढी दुधी काचेसारखी सावली आहे. पुढेही एक ओळ होती, पण लेइ तिथवर पोचलाच नाही. त्यानं 'दुधी काच' हे शब्द फोनमध्ये घातले आणि फोननं त्याला कॅन्सर दाखवला. फोनला दुसरं येतं काय? मग त्यानं ओळखीतून मोठ्या शहरातला एक डॉक्टर गाठला. तो म्हणाला, ठेवण्यापेक्षा काढलेलं बरं, फुप्फुसाचा वरचा भाग कापू, चंद्राच्या सणानंतर जागा आहे. लेइनं हो म्हटलं. सही घरच्यांची चालते, बाईवाचून काही अडत नव्हतं.

घरात सगळं ठरलं. आईला सांगायचं की पित्ताशयात खडे आहेत, तेवढ्यासाठी जिनानला जायचंय. तोवर खोकल्याबद्दल विचारलं तर एकच उत्तर द्यायचं. म्हणून सून मिन, मुलगा फोनवरून, आणि नवरा मान खाली घालून, तिघेही एकच वाक्य म्हणायचे: "काही नाही, साधी सूज आहे, उतरेल. तू काळजी करू नकोस." सुओना मिननं "पितळ घासून आणते" म्हणून नेली आणि कपाटात कुलूप लावून ठेवली. मिरची बंद, बकऱ्याचं सूप बंद. रोज कोंबडी आणि नासपती. लानश्यांग विचारायची, "माझं बाळंतपण चाललंय का?"

गुपित फोडलं ते पांग शौगेननं, आणि तेही अगदी शहाण्यासारखं वागायला जाऊन.

पांग शौगेन हा दुसऱ्या ताफ्याचा म्होरक्या. तीस वर्षं तो आणि लानश्यांग एकमेकांची गिऱ्हाइकं पळवत आलेले. तो एका सकाळी अंडी भरलेली टोपली घेऊन दारात उभा. ती अंगणात लसूण सोलत बसली होती.

"शौगेन? वाट चुकलास की उधार मागायला आलास?"

"ताई, असं बोलू नकोस गं," तो म्हणाला आणि त्याचे डोळे भरून आले. लानश्यांगच्या हातातला लसूण थांबला. हा माणूस तिला 'ताई' म्हणत होता. मागच्याच महिन्यात यानं तिला बाजारात 'फाटका भोंगा' म्हटलं होतं.

"काय झालं तुला? कोण गेलं?"

"कोणी नाही, कोणी नाही. अजून कोणी नाही." शौगेन स्टुलावर टेकला. "मी काय म्हणतो ताई, आपल्यातली रीत तुला मी सांगायला नको. वाजवणाऱ्याच्या घरी त्याचा ताफा वाजवत नाही. दुसऱ्यानं यायचं, फुकट वाजवायचं, आणि चीज ज्याची त्याला विचारून ठेवायची. बाओत्यान येऊन गेला माझ्याकडे. रडला बिचारा. मी म्हटलं, वैर वेगळं, रीत वेगळी. तर तू सांग. कुठली वाजवू?"

लानश्यांगनं लसणाची वाटी खाली ठेवली. "कुणासाठी?"

आता शौगेनच्या लक्षात आलं. त्याचा चेहरा असा झाला की दुसऱ्या कुठल्या दिवशी ती पोट धरून हसली असती.

"तुला... तुला सांगितलंय ना त्यांनी?"

"काय?"

"मी निघतो. अंडी ताजी आहेत."

"खाली बस, शौगेन." ती ओरडली नाही. "तीस वर्षं माझी गिऱ्हाइकं खाल्लीस, निदान आज एक खरं बोल. काय सांगायचं होतं मला?"

शौगेन बसला. "फुप्फुसात तुझ्या दुधी काच आहे म्हणे. म्हणजे तसलं काहीतरी. वाईट. सणानंतर कापणार आहेत. अर्धं फुप्फुस." आणि मग, कुठेतरी जाऊन लपावं तसा, त्यानं पुन्हा विचारलं, "चीज कुठली ते मात्र सांगून ठेव हं."

"तुझ्या फुंकण्यानं मी परत उठून बसेन. जा तू."

तो गेला. ती स्वैपाकघरात आली. बाओत्यान कोंबडी साफ करत होता, हाताला पिसं चिकटलेली.

"म्हाताऱ्या, माझ्या मयताची सुपारी देऊन आलास?"

बाओत्यानच्या हातातून कोंबडी पडली. त्यानं तोंड उघडलं आणि पाठ केलेलं वाक्य बाहेर आलं, "काही नाही, साधी सूज..."

"बस!" आता ती ओरडली. "पुन्हा ते म्हणालास तर ही कोंबडी तुझ्याच नरड्यात कोंबीन. अर्धं फुप्फुस कापणार? कुणाला विचारून?"

"लेइ म्हणाला, तुला कळलं तर तू खचशील. लोक रोगानं नाही, भीतीनं मरतात म्हणाला."

"आणि तू मान डोलावलीस. चाळीस वर्षं माझ्या खांद्याकडे बघून ढोल वाजवलास, आणि तोंडाकडे बघून एक शब्द विचारता आला नाही? अर्ध्या फुप्फुसानं मी काय वाजवू, सायकलची घंटी?"

बाओत्यान जमिनीवर बसून रडायला लागला. तिला त्याची कीव आली आणि त्या किवेचाही राग आला. हेच तर ते करतात, ज्याच्यावर अन्याय झाला त्यालाच समजूत घालायला लावतात. तिनं समजूत घातली नाही. कोंबडी उचलून धुतली, पातेल्यात टाकली आणि त्यात मूठभर लाल मिरच्या घातल्या.

दुसऱ्या दिवशी ती एकटीच तीनचाकीवर बसून तालुक्याच्या इस्पितळात गेली. स्कॅन वाचणाऱ्या डॉक्टर पेइंची खोली तळमजल्यावर, शेवटचं दार. पेइ चाळिशीच्या, चष्म्यामागे झोप राहिलेली. त्यांनी नाव ऐकलं, संगणकावर चित्र काढलं आणि सवयीनं म्हणाल्या, "मावशी, घरचं कुणी आलंय का बरोबर? त्यांना आत पाठवा, तुम्ही जरा बाहेर बसा."

"का? फुप्फुस त्यांचं आहे का?"

"तसं नाही. पद्धत आहे."

"पद्धत मला सांगू नका, पोरी. या पद्धतीनं मी माझ्या बापाला फसवलंय. तो बाहेर बसला होता, मी आत. आता मी बाहेर बसणार नाही. हाताला धरून काढायचं तर काढा, पण मी ओरडेन, आणि मी काय ओरडते ते तुम्हाला ठाऊक नाही. मी सुओना वाजवते."

पेइंनी चष्मा काढला, डोळे चोळले. मग उठून दुसरी खुर्ची ओढून संगणकासमोर ठेवली. "या. बसा."

पडद्यावर काळं फुप्फुस होतं आणि त्यात पांढऱ्या फांद्या. "या रक्तवाहिन्या. आणि ही बघा," त्यांनी पेन टेकवलं. एका कोपऱ्यात धुरकट डाग होता, इतका फिकट की लानश्यांगला दोनदा डोळे बारीक करावे लागले.

"एवढंच?"

"एवढंच. याला आम्ही दुधी काचेसारखी सावली म्हणतो. डागातूनही मागच्या फांद्या दिसतायत ना? दिसतायत, पण धूसर. डाग घट्ट पांढरा असता, फांद्या झाकून गेल्या असत्या, तर त्याला वेगळं नाव आहे. हे नाव कसं दिसतं त्याचं आहे, मावशी. काय आहे त्याचं नाही."

"मग काय आहे?"

पेइ वळल्या. खोलीच्या दाराला वरच्या अर्ध्या भागात दुधी काच होती, आणि काचेपलीकडे कुणीतरी उभं होतं. "बाहेर कुणी आहे?"

"आहे की."

"कोण?"

लानश्यांगनं पाहिलं. वाकलेलं, हातात काठी. "म्हातारा आहे कुणीतरी."

पेइंनी दार उघडलं. बाहेर पंचविशीतली पोरगी फरशी पुसत होती, हातात पुसण्याचा दांडा. ती दचकून बाजूला झाली. पेइंनी दार लावलं.

"रोज माझ्याकडे असे दहा येतात आणि काचेमागे कोण आहे ते सांगा म्हणतात. वसंतातल्या तापाचं उरलेलं असू शकतं. जुना व्रण असू शकतो. थोडंसं रक्त, थोडं पाणी. आणि हो, हळूहळू कॅन्सर होऊ शकणारी गाठही असू शकते, ते मी लपवणार नाही. म्हणून थांबायचं आणि पुन्हा बघायचं. तापाचं उरलेलं असेल तर विरतं. गाठ असेल तर राहते, आणि राहिली तरी बहुतेक वेळा इतकी सावकाश वाढते की विचार करायला वेळ असतो. मी रिपोर्टात लिहिलंय, तीन महिन्यांनी पुन्हा स्कॅन करावा. शेवटची ओळ. ती ओळ कोणी वाचत नाही! दोन शब्द वाचतात आणि घरात रडारड सुरू. गेल्या वर्षी एकानं असलंच काहीतरी कापून घेतलं, निघाली साधी सूज. चित्र मी बघते, शब्द मी लिहिते, आणि तो शब्द घेऊन लोक कुठे जातात ते मला कळतसुद्धा नाही." पेइंचा आवाज चढला होता. बहुधा पुष्कळ दिवसांचं साठलेलं होतं.

लानश्यांगला ही बाई आवडली. "तोवर वाजवू का?"

"खोकला नाही ना आता? वाजवा."

"मिरची?"

"त्याचा याच्याशी काय संबंध?"

"हेच मी म्हणत होते," लानश्यांग म्हणाली आणि उठली.

लेइ शनिवारी आला. टेबलावर चौघे बसले, मधे बकऱ्याच्या सुपाचं पातेलं, कारण ते लानश्यांगनं केलं होतं. सुरुवात लेइनं केली. आवाजात ती समजूतदार नरमाई, जी ऐकली की लहान पोरालाही मारावंसं वाटतं.

"आई, आम्ही तुझ्या भल्यासाठीच..."

"भलं? माझं फुप्फुस तू कापायला दिलंस आणि मला पित्ताचे खडे सांगणार होतास. शुद्धीवर आल्यावर काय सांगणार होतास? खडे फुप्फुसात चढले होते?"

"सगळेच असं करतात, आई. मिनच्या वडिलांच्या वेळीसुद्धा..."

"सगळे करतात म्हणून! मी पण केलंय. तुझ्या आजोबांना मी तोंडावर सांगितलं होतं, बाराव्या महिन्यात. त्यांच्याकडे दोन महिने होते, लेइ. दोन महिन्यांत त्यांनी मला ती चीज दिली असती. आम्ही त्यांना आशा दिली म्हणे. आशा कसली, आम्ही त्यांचा वेळ चोरला. आणि तू माझा चोरत होतास."

मिन हळूच म्हणाली, "आई, आम्ही घाबरलो होतो."

"मग घाबरायचं होतं ना माझ्याबरोबर! मला एकटीला कोंबडी खाऊ घालून तुम्ही तिघे माझ्यामागे घाबरत बसलात. माजोंगमध्ये मी सारखी जिंकत होते, मिन. वाटलं, म्हातारपणी हात बसला. तेही खोटं निघालं. ती चावी दे."

मिननं चावी दिली. लानश्यांगनं कपाट उघडलं, सुओना काढली, तिची फुंकायची पत्ती चहाच्या कपात भिजत घातली आणि मग सूप वाढलं. "तीन महिने थांबायचं. मग मी जाईन आणि मी बघेन. तुला तुझ्या डॉक्टरला काय सांगायचं ते सांग. तुला जमत नसेल तर नंबर दे, मी सांगते."

लेइनं स्वतःच सांगितलं. पण त्याचा विश्वास बसला नव्हता. दर रविवारी फोन करून तो वडिलांना विचारायचा, आई बारीक दिसते का. चंद्राचा सण आला, मूनकेक खाल्ले, ज्या तारखेला तिला कापायचं होतं त्या तारखेला ती एका लग्नात वाजवत होती. ती भीत नव्हती असं कुणी समजू नये. सकाळी उठल्यावर पहिला श्वास घेताना ती थबकायची, उजवीकडे काही जाणवतंय का म्हणून. आणि तो विचार मनातून काढायला मग वाडगाभर पाणी घेऊन काडी फुंकायची. पण ती तिची भीती होती, तिच्या मालकीची. सुओना तेवढी ती आता घरात एकटी सोडत नसे. बाजारात जायची तरी पिशवी खांद्याला.

मका काढून झाला आणि तपासणीचा दिवस आला. तिघेही बरोबर आले, नको म्हटलं तरी. स्कॅन झाला. पेइंच्या खोलीचं दार उघडलं आणि नर्सनं पुकारा केला, "कुई लानश्यांगचे नातेवाईक?"

लेइ उठला. त्याचं चुकलं नाही, नर्सचंही नाही, ही माणसं अशीच घडलेली.

"बस खाली," लानश्यांग म्हणाली. "कुई लानश्यांग स्वतः आलीये."

आत पेइंनी दोन चित्रं शेजारी लावली होती. जुन्यात तो धुरकट डाग. नव्यात तिला तो सापडेना, तेव्हा पेइंनी पेन टेकवलं. हिवाळ्यात खिडकीवर सोडलेला श्वास जाता जाता राहावा तेवढंच काहीतरी होतं.

"विरत आलंय. तापाचंच उरलेलं होतं, बहुधा."

"बहुधा?"

"बहुधा. त्याच्या पुढचं बोलले तर ते खोटं. सहा महिन्यांनी एकदा येऊन जा."

लानश्यांगनं मान हलवली. मग तिची नजर दाराकडे गेली. काचेपलीकडे तीन सावल्या एकमेकींना चिकटून उभ्या होत्या. कुठली नवऱ्याची, कुठली मुलाची, कळत नव्हतं. त्यातली एक डोळे पुसत होती. तिला वाईट वाटलं, आणि तिनं मनाशी ठरवलं की ताणायचं नाही, बाहेर गेल्या गेल्या सरळ सांगायचं.

ती बाहेर आली. "काही नाही," ती म्हणाली. "साधी सूज होती, उतरत आलीये. तुम्ही काळजी करू नका."

लेइचा चेहरा पांढरा पडला. मिननं तोंडाला रुमाल लावला.

"आई," लेइ म्हणाला, "खरं सांग ना."

"खरंच सांगतेय."

"आई, आम्ही ऐकू शकतो. काय असेल ते सांग. आमच्यापासून लपवू नकोस गं."

तेव्हा लानश्यांगच्या लक्षात आलं की आपण म्हटलेलं ते 'साधी सूज'चं वाक्य त्यांचंच होतं. इतके दिवस त्यांनी ते तिला पाजलं होतं, आणि आता ते खरं झालं तर त्यांच्याच गळ्याखाली उतरत नव्हतं. लेइनं पेइंचं दार ठोठावलं, अर्धवट आत शिरून काहीतरी विचारलं. आतून पेइंचा आवाज आला, "पेशंट तुमच्यासमोर उभी आहे. तिला विचारा." दार लागलं. लेइ परत आला आणि बापाच्या खांद्यावर डोकं टेकून रडायला लागला, भर इस्पितळात, एवढा मोठा घोडा.

"शाबास," लानश्यांग म्हणाली. तिला पुन्हा तो जुना राग आला, पायापासून डोक्यापर्यंत. "घरात एक शब्द खरा ठेवला नाहीत तुम्ही माझ्यासाठी! आता मी सांगू तरी कुठल्या शब्दांत?"

ती ताडताड चालत बाहेर पडली. फाटकापाशी येऊन तिनं पिशवी उघडली, पत्ती जिभेवर ओली केली आणि सुओना तोंडाला लावली. तिघे मागून धावत आले, पण तोवर सूर निघाला होता. एकच सूर, लांब. गाल फुगलेले, नाकातून श्वास, आणि सूर तुटायचं नाव नाही. मिन कान झाकून उभी राहिली. लेइनं रडणं थांबवलं. बाओत्यान तिच्या खांद्याकडे बघत होता. खांदा जागचा हलला नाही, तेव्हा तो हळूच हसला आणि बोटानं स्वतःच्या मांडीवर ठेका धरायला लागला.

इस्पितळाच्या खिडक्या फटाफट उघडल्या. फाटकावरचा रखवालदार टोपी सांभाळत पळत आला. इस्पितळाच्या दारात सुओना म्हणजे काय, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही कळतं.

"ए बाई! काय चाललंय? कोण मेलं?"

लानश्यांगनं सुओना तोंडातून काढली.

"कुणीच मेलं नाही," ती म्हणाली. "मघापासून हेच सांगतेय, पण ऐकतंय कोण!"